अमेरिकन टीव्ही आणि बास्केटबॉल : शेवटच्या पंगतीचा खेळ

फळीवरचा_चेंडू | सोमवार, रात्री १०:१५

परवा दुसऱ्या एका धाग्यावर कुणीसं लिहिलं होतं की अमेरिकेत बास्केटबॉल टीव्हीवर मोठा झाला तो मायकेल जॉर्डनमुळे, त्याआधी सगळा शुकशुकाट होता. तिथे दोन ओळींचा प्रतिसाद लिहायला बसलो आणि त्याचं मारुतीचं शेपूट झालं. म्हणून हा वेगळा धागा. लांब आहे, सवडीने वाचा.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. अमेरिकन टीव्हीने या खेळाला पहिली चाळीस वर्षं शेवटच्या पंगतीला बसवलं. बेसबॉल जेवून उठला, फुटबॉल (तिकडचा, अंडाकृती चेंडूचा) जेवून उठला, मग पातेल्यात काही राहिलं असेल तर बास्केटबॉलच्या पानात. आणि पुढे नशीब उघडलं तेही उरलेल्या वेळेच्याच जोरावर. केबलवाल्यांकडे रिकाम्या तासांचा ढीग पडला होता आणि त्यांना भरताड हवं होतं.

सुरुवात २८ फेब्रुवारी १९४० ची. न्यूयॉर्कचं मॅडिसन स्क्वेअर गार्डन, कॉलेजचा सामना, पिट्सबर्ग विरुद्ध फोर्डहॅम. दाखवला एनबीसीच्या प्रायोगिक केंद्राने, ज्याचं नाव वाहनाच्या नंबरप्लेटसारखं होतं : डब्ल्यू२एक्सबीएस. पिट्सबर्गने ५७-३७ असा जिंकला. त्या रात्री घरी बसून पाहणाऱ्यांपेक्षा गार्डनमध्ये बसलेले लोक जास्त असणार, यावर पैज लावायला मी तयार आहे.

व्यावसायिक लीग, म्हणजे एनबीए, टीव्हीवर आली १९५३-५४ च्या हंगामात. ड्युमाँट नावाचं नेटवर्क होतं, पुढे ते बंदच पडलं. १३ सामने, ३९,००० डॉलर. सामन्याला ३,००० पडले. पुढच्या हंगामात एनबीसी आलं आणि त्याच हंगामात २४ सेकंदांचं घड्याळही आलं. त्याआधी आघाडीवर असलेला संघ चेंडू नुसता धरून बसायचा. नोव्हेंबर १९५० मध्ये फोर्ट वेनने मिनियापोलिस लेकर्सना १९-१८ ने हरवलं होतं. हा पूर्ण सामन्याचा स्कोअर आहे, पहिल्या क्वार्टरचा नाही! सिरॅक्यूज संघाचे मालक डॅनी बियासोन यांची बोलिंग ॲली होती. त्यांनी साधा हिशेब मांडला : सामना ४८ मिनिटांचा म्हणजे २,८८० सेकंद, चांगल्या सामन्यात दोन्ही संघ मिळून १२० च्या आसपास फेक करतात, भागाकार केला की २४. आज अब्जावधींचा धंदा ज्या आकड्यावर चालतो तो असा निघालेला आहे.

आता माझ्या जिव्हाळ्याची गोष्ट. २ मार्च १९६२, पेनसिल्व्हेनियातलं हर्शी, चॉकलेटच्या कारखान्याचं गाव. विल्ट चेंबरलेनने एका सामन्यात १०० गुण केले. हा विक्रम आजही कुणी मोडलेला नाही. प्रेक्षक होते ४,१२४. टीव्ही कॅमेरा एकही नव्हता. चित्रफीत कुणाकडेच नाही. जे आहे ते रेडिओवरच्या चौथ्या क्वार्टरचं ध्वनिमुद्रण, तेही एका कॉलेज विद्यार्थ्याने रात्री पुनर्प्रसारण लागलं तेव्हा टेप केलं म्हणून. आणि तो फोटो, कागदावर हाताने '१००' लिहून विल्ट समोर धरून बसलाय. इतक्या मोठ्या पराक्रमाचा सगळा पुरावा एवढाच.

मग एबीसी आणि सीबीएस. १९६५ पासून एबीसीच्या रून आर्लेज यांनी खेळ चांगला दाखवायला घेतला. खेळाडूचा चेहरा, घाम, बाकावर बसलेला वैतागलेला कोच, हे सगळं पडद्यावर दिसायला लागलं. १९७३ मध्ये संघमालकांना वाटलं, सीबीएसकडे जावं. पण नूतनीकरणाचा पहिला हक्क एबीसीचा. मालकांनी काय करावं? नव्या करारात अशी अट घातली की शनिवारी दुपारीही सामने दाखवायचे. शनिवार दुपार म्हणजे एबीसीचं कॉलेज फुटबॉल, ते हलणं शक्यच नव्हतं. एबीसी कोर्टात गेलं आणि हरलं. आर्लेज यांनी डूख धरला. रविवारी सीबीएसच्या बास्केटबॉलसमोर त्यांनी असला एक कार्यक्रम लावला, ज्यात वेगवेगळ्या खेळांतले नामवंत एकमेकांशी भलत्याच शर्यती लावायचे. (पहिल्याच वर्षी मुष्टियोद्धा जो फ्रेझर पोहण्याच्या शर्यतीत उतरला आणि त्याला पोहताच येत नव्हतं, हे पाण्यात पडल्यावर कळलं.) लोक तेच बघत बसले. सीबीएसच्या बास्केटबॉलचे आकडे घसरले.

या सगळ्याचा तळ म्हणजे १६ मे १९८०. अंतिम मालिकेचा सहावा सामना, फिलाडेल्फियात. लेकर्सचा करीम अब्दुल-जब्बार घोटा दुखावल्यामुळे लॉस एंजेलिसलाच राहिला. त्याच्या जागी सेंटरला, म्हणजे बास्केटजवळच्या सर्वांत उंच खेळाडूच्या जागी, उभा राहिला २० वर्षांचा, पहिल्याच हंगामातला मॅजिक जॉन्सन. ४२ गुण, १५ रिबाउंड (हुकलेल्या फेकीनंतर पकडलेले चेंडू), ७ असिस्ट (गुण मिळवून देणारे पास). लेकर्स १२३-१०७, विजेतेपद खिशात. आणि अमेरिकेतल्या बहुतेक शहरांत हे दिसलं कधी? रात्री साडेअकराला, टेपवरून. कारण मे महिन्यात नील्सनची प्रेक्षकमोजणी असते, तिच्यावर स्थानिक केंद्रांचे जाहिरातीचे दर ठरतात, आणि शुक्रवारच्या रात्री मालिकांचे जुने भाग लावले तरी बास्केटबॉलपेक्षा जास्त लोक बघतील असा हिशेब होता. पुढच्या वर्षी, १९८१ मध्ये, अंतिम मालिकेच्या ६ पैकी ४ सामन्यांचं असंच झालं.

कल्पना करा, तुमच्या देशाची अंतिम लढत चालू आहे आणि टीव्हीवर जुनी मालिका.

बोटं दुखली. केबलचं प्रकरण प्रतिसादांत लिहितो.

निवांत_नाना | सोमवार, रात्री १०:५०

रुमाल टाकून ठेवतो. बियासोन यांचा भागाकार ठाऊक नव्हता. मी इतकी वर्षं समजत होतो की २४ तासांवरून २४ घेतले असतील.

भोपळे_काका | मंगळवार, सकाळी ७:०५

छान लिहिलंय, पण कॉलेज बास्केटबॉलवर अन्याय केलात. एनबीए शेवटच्या पंगतीत होती हे कबूल, कॉलेजचं तसं नव्हतं.

२० जानेवारी १९६८ घ्या. ह्यूस्टनचं ॲस्ट्रोडोम, म्हणजे बेसबॉलचं छत असलेलं अवाढव्य मैदान. ह्यूस्टन विरुद्ध यूसीएलए, म्हणजे लॉस एंजेलिसचं विद्यापीठ. बास्केटबॉलचं कोर्ट तिथे नव्हतंच, ते लॉस एंजेलिसहून फळ्या सुट्या करून आणलं आणि मैदानाच्या मधोमध मांडलं. पहिल्या रांगेतला प्रेक्षकसुद्धा कोर्टापासून कोसभर लांब. ५२,६९३ माणसं आली होती. मोठ्या नेटवर्कांपैकी कुणी हात लावला नाही. एडी आइनहॉर्न नावाच्या खटपट्या गृहस्थांनी आपल्या टीव्हीएस कंपनीतर्फे हक्क घेतले आणि गावोगावच्या केंद्रांना फोन करून करून सामना विकला. एल्विन हेजने ३९ गुण केले, ह्यूस्टन ७१-६९, यूसीएलएची सलग ४७ विजयांची मालिका तुटली. नियमित हंगामातला कॉलेजचा सामना देशभर संध्याकाळच्या मुख्य वेळेत दाखवला गेला तो हा पहिला. पाचच वर्षांत एनबीसीने कॉलेजची अंतिम लढत सोमवारी रात्री आणली. १९७३, सेंट लुईस, यूसीएलएच्या बिल वॉल्टनच्या २२ पैकी २१ फेकी आत.

आणि १९७९ ची गोष्ट तर माझ्या डोळ्यांदेखतची. मी तेव्हा मिशिगनमध्ये एम.एस. करत होतो, येऊन सात महिने झाले होते. २६ मार्च, सोमवार. वसतिगृहाच्या हॉलमध्ये एकच टीव्ही, त्याच्या अँटेनाला कुणीतरी चांदीचा कागद गुंडाळलेला. तो कागद एका विशिष्ट कोनात धरला की चित्र स्थिर व्हायचं. मला खेळ कळत नव्हता म्हणून ते काम माझ्याकडे आलं! संपूर्ण पूर्वार्ध मी कागद धरून उभा. मिशिगन स्टेटचा मॅजिक, इंडियाना स्टेटचा लॅरी बर्ड. मला पडदा तिरका दिसत होता, पण हॉलमधले चेहरे समोर दिसत होते. सामना काय चाललाय ते मी चेहऱ्यांवरून वाचला. ७५-६४. उत्तरार्धात एका काळ्या मुलाने माझ्या जागी उभं राहून मला खाली बसवलं, तेव्हा पहिल्यांदा मॅजिकचा पास नीट पाहिला. त्याने तो दिला भलतीकडेच बघून.

त्या सामन्याचं रेटिंग २४.१. टीव्ही असलेल्या दर १०० घरांपैकी २४ घरांत लागला होता. अमेरिकेत बास्केटबॉलच्या कुठल्याही सामन्याला याहून मोठं रेटिंग आजवर मिळालेलं नाही, ना कॉलेजच्या, ना एनबीएच्या. पंगत कसली सांगता!

फळीवरचा_चेंडू | मंगळवार, सकाळी ८:३०

काका, दंडवत. चांदीच्या कागदापुढे माझा अख्खा लेख फिका.

तुमचा मुद्दा मान्य. तरी एक बघा : मार्च १९७९ मध्ये ज्या मॅजिकला चौथ्या हिश्श्याची घरं बघतात, त्याच मॅजिकला मे १९८० मध्ये साडेअकराला ढकलतात. माणूस तोच, चेंडू तोच, १४ महिन्यांचं अंतर. म्हणजे खेळ लोकांना नको होता असं नाही. एनबीएला टीव्हीवर पतच नव्हती.

आता केबल. ईएसपीएन ही खेळांची केबल वाहिनी सुरू झाली ७ सप्टेंबर १९७९ ला, कनेटिकटमधल्या ब्रिस्टल गावातून. चोवीस तास खेळ दाखवायचे ठरवलं खरं, पण दाखवायला होतं काय? पहिल्या दिवशी सॉफ्टबॉल दाखवला. मोठ्या खेळांचे हक्क मोठ्या नेटवर्कांकडे. मग नजर गेली कॉलेज बास्केटबॉलवर. शेकडो कॉलेजं, हिवाळाभर आठवड्याचे सगळे दिवस सामने, आणि ते दाखवायला कुणी तयार नाही. डिट्रॉइट पिस्टन्सने नोव्हेंबरमध्ये नारळ दिलेला एक कोच रिकामा बसला होता, डिक व्हिटाली. डिसेंबर १९७९ मध्ये त्याला डीपॉल-विस्कॉन्सिन सामन्याच्या समालोचनाला बसवलं. पुढे चार दशकं त्याचा आरडाओरडा म्हणजेच कॉलेज बास्केटबॉल असं समीकरण झालं. मला तो आवडत नाही, पण ते असो.

मार्च १९८० पासून ईएसपीएनने एनसीएए स्पर्धेच्या, म्हणजे कॉलेजांच्या राष्ट्रीय स्पर्धेच्या, सुरुवातीच्या फेऱ्या दाखवायला घेतल्या. त्या फेऱ्यांकडे तोवर कुणी ढुंकून बघत नव्हतं. कुठल्यातरी छोट्या कॉलेजने बलाढ्य संघाला लोळवलं तर दुसऱ्या दिवशी पेपरात कोपऱ्यात बातमी यायची. आता ते लोळवणं लोकांच्या डोळ्यांसमोर घडायला लागलं. आज मार्चमध्ये कचेऱ्यांत काम ठप्प होतं त्याचं मूळ इथे आहे.

आणि बिग ईस्ट! त्याच १९७९ मध्ये प्रॉव्हिडन्सचे डेव्ह गॅव्हिट यांनी कॉलेजांची ही नवी मोट बांधली. कॉलेजं निवडली ती शहरं बघून : न्यूयॉर्क, बोस्टन, वॉशिंग्टन. म्हणजे टीव्हीची मोठी बाजारपेठ कुठे आहे ते आधी पाहिलं. १९८५ च्या एनसीएए स्पर्धेत शेवटच्या चार संघांत तीन त्यांचे होते.

मीनल_एलए | मंगळवार, दुपारी १२:२०

टीव्हीचा इतिहास आणि चिक हर्न यांचं नाव नाही? हा तर घोर अपराध आहे धागाकर्ते!

लेकर्सचे समालोचक. नोव्हेंबर १९६५ ते डिसेंबर २००१, सलग ३,३३८ सामने, एकही चुकवला नाही. आणि त्यातली गंमत अशी की बराच काळ त्यांचं एकच समालोचन रेडिओला आणि टीव्हीला दोन्हीकडे जायचं. त्यामुळे टीव्हीसमोर बसलेल्याला जे डोळ्यांनी दिसतंय तेही ते सांगायचे, चेंडू कुठल्या हातात, रेषेपासून किती फुटांवर, कुणी गुडघ्याला पट्टी बांधलीय. माझे सासरे दृष्टी गेल्यावरही दहा वर्षं 'टीव्ही बघायचे' ते या माणसाच्या जिवावर. आवाज थोडा मोठा करायचे आणि सोफ्यावर बसून हातांनी पास देत राहायचे. एकदा मी चुकून दुसऱ्या वाहिनीवरचा सामना लावला. तिथले समालोचक एकमेकांशी गप्पा मारत होते. पाच मिनिटांनी सासरे म्हणाले, "अगं, हे काय खेळतायत ते कुणी सांगतच नाहीये."

सामना हातातून निसटला की हर्न फ्रीजचं वर्णन करायचे. दार बंद झालं, दिवा विझला, अंडी गार पडतायत, लोणी घट्ट होतंय, जेली थरथरतेय. ते सुरू झालं की आमच्याकडे सासूबाई उठून झोपायला जायच्या. 'स्लॅम डंक' (उडी मारून चेंडू वरून बास्केटमध्ये कोंबणं) हा शब्द रूढ झाला तोही त्यांच्याच तोंडून.

हिशोबनीस | मंगळवार, रात्री ९:४०

पैशाचं मी बोलतो, तो माझा धंदा आहे. या विषयातला सर्वांत सुंदर करार अजून कुणी काढला नाही.

१९७६. एबीए ही दुसरी लीग बंद पडत होती. तिचे चार संघ एनबीएने घेतले : नेट्स, नगेट्स, पेसर्स, स्पर्स. दोन संघ बाहेर राहिले. केंटकी कर्नल्सच्या मालकाने ३३ लाख डॉलर रोख घेतले आणि विषय संपवला. सेंट लुईस स्पिरिट्सचे मालक सिल्ना बंधू. त्यांनी आणि त्यांच्या वकिलाने रोख घेतली २२ लाखांच्या आसपास, आणि वर एक चिमुकलं कलम मागितलं. चारही संघांच्या टीव्ही उत्पन्नातला प्रत्येकी सातवा हिस्सा आम्हाला द्यायचा. किती वर्षं? कायम.

समोरच्यांनी आनंदाने सही केली. कारण एनबीएच्या टीव्ही उत्पन्नाला तेव्हा कोण विचारत होतं! धागाकर्त्यांच्या भाषेत सांगायचं तर शेवटच्या पंगतीतल्या पानातली चतकोर पोळी होती ती.

४ गुणिले १/७ म्हणजे ४/७. म्हणजे अर्ध्याहून जास्त संघाचा वाटा, आणि बदल्यात ना खेळाडूंचे पगार, ना मैदानाचं भाडं, ना कोचची कटकट. २०१४ पर्यंत त्यांना ३० कोटी डॉलरच्या आसपास मिळाले. जानेवारी २०१४ मध्ये लीगने आणखी ५० कोटी देऊन बहुतेक हक्क सोडवून घेतला. आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये नवा टीव्ही करार जाहीर झाला, ९ वर्षांचे २४ अब्ज. वर्षाला सुमारे २.६७ अब्ज, भागिले ३० संघ, म्हणजे संघाला साधारण ८ कोटी ९० लाख. त्याचे ४/७ केले तर वर्षाला ५ कोटींवर. दहा वर्षांत ५० कोटी तसेच आले असते. म्हणजे सिल्ना बंधूंनी घाई केली की लीगने वेळेवर सुटका करून घेतली, यावर आमच्या ऑफिसात दोन तट आहेत.

त्याच २४ अब्जांमुळे संघांच्या पगारखर्चाची मर्यादा २०१६ मध्ये एका झटक्यात ७ कोटींवरून ९ कोटी ४१ लाखांवर गेली आणि केव्हिन ड्युरंटसारखा महागडा खेळाडू वॉरियर्स संघाकडे जाऊ शकला. टीव्हीचा करार कोर्टावर उतरतो तो असा.

२३_नंबरी | बुधवार, सकाळी १०:०५

तो दुसऱ्या धाग्यावरचा 'कुणीसं' मीच. :)

सगळं वाचलं, उत्तम आहे. तरी मी माझ्या जागेवरून हललेलो नाही. १४ जून १९९८, युटा, अंतिम मालिकेचा सहावा सामना. ५.२ सेकंद उरले असताना जॉर्डनची ती फेक, ८७-८६. सरासरी ३ कोटी ५९ लाख प्रेक्षक. एनबीएच्या एकाही सामन्याला इतके कधी मिळाले नाहीत, आणि मिळतील असं वाटतही नाही. त्या मालिकेची सरासरी २ कोटी ९० लाख. जॉर्डन निवृत्त झाला, पुढच्या वर्षीची मालिका १ कोटी ६० लाखांवर. केबल तीच, वाहिनी तीच, निर्माते तेच. बदललं काय? एक माणूस. मग खेळ कुणी मोठा केला, केबलच्या वायरने?

फळीवरचा_चेंडू | बुधवार, सकाळी ११:३०

स्वागत आहे. १९९९ मध्ये मालक-खेळाडू वादातल्या टाळेबंदीमुळे हंगाम ५० सामन्यांचा झाला होता, हेही धरा. पण मुद्दा वजनदार आहे, टाळत नाही.

माझं उत्तर तारखेत आहे. एनबीसीने सीबीएसकडून एनबीए घेतली तो करार नोव्हेंबर १९८९ चा. ४ वर्षांचे ६० कोटी डॉलर. सीबीएसचा आधीचा चार वर्षांचा करार होता सुमारे १७ कोटी ३० लाखांचा. म्हणजे साडेतीन पटीच्या आसपास उडी. तेव्हा जॉर्डनकडे विजेतेपदं किती? शून्य. पहिलं आलं १९९१ ला. किंमत आधी चढली होती. बर्ड-मॅजिकने लोक आणले, आणि यूएसए, ईएसपीएन, टीबीएस, टीएनटी या केबलवाल्यांनी आठवड्यातले दिवस भरून काढले. जॉर्डनने त्यावर कळस चढवला, हे शंभर टक्के मान्य.

शिवाय जॉर्डन घराघरांत पोचला कसा? शिकागोची डब्ल्यूजीएन ही स्थानिक वाहिनी उपग्रहावरून देशभरच्या केबलवर जायची. नेब्रास्कात किंवा आयोवात बसलेल्या पोराला बुल्स, म्हणजे जॉर्डनचा संघ, दिसायचे ते तिथून. १९९० मध्ये लीगने अशा वाहिन्यांवरच्या सामन्यांची मर्यादा २५ वरून २० केली, तर बुल्स आणि डब्ल्यूजीएन आपल्याच लीगविरुद्ध कोर्टात गेले. पाच सामन्यांसाठी! त्यांना कळलं होतं वायरीची किंमत काय ते.

आणि रिकामे तास भरायची भूक किती वाढली पाहा. १२ डिसेंबर २००२ ला ईएसपीएन२ ने देशभर दाखवला शाळकरी मुलांचा सामना. ओहायोतली एक शाळा, आणि तिच्यात लेब्रॉन जेम्स नावाचा मुलगा. ३१ गुण. ज्या देशात विल्टचे १०० टिपायला कॅमेरा नव्हता, तिथे ४० वर्षांनी बारावीच्या पोरासाठी पूर्ण ताफा.

शिट्टीवाला | बुधवार, सायंकाळी ६:१५

मी न्यू जर्सीत शाळांचे सामने खेळवतो, रेफ्री म्हणून. टीव्हीमुळे नियम बदलले त्यावर दोन शब्द.

मार्च १९८२, एसीसी या कॉलेजांच्या गटाची अंतिम लढत, नॉर्थ कॅरोलिना विरुद्ध व्हर्जिनिया. देशभर प्रक्षेपण. एका बाजूला मायकेल जॉर्डन, दुसऱ्या बाजूला राल्फ सॅम्पसन. आणि उत्तरार्धात नॉर्थ कॅरोलिनाने चेंडू नुसता फिरवत ठेवला, कारण कॉलेजात तेव्हा घड्याळच नव्हतं. ४७-४५. बघणारे पेंगले. १९८५-८६ पासून कॉलेजात ४५ सेकंदांचं घड्याळ आलं. बियासोन यांचा भागाकार कॉलेजला कळायला तीस वर्षं लागली.

दुसरं, व्हिडिओ. २००२ च्या प्लेऑफमध्ये (हंगामानंतरच्या बाद फेऱ्यांत) लेकर्सच्या समाकी वॉकरने किंग्जविरुद्ध अर्ध्या कोर्टावरून फेकलेला चेंडू आत गेला, पण घड्याळ शून्य झाल्यावर हातातून सुटला होता. घरी बसलेल्या सगळ्यांना पुनर्दृश्यात दिसलं. फक्त निर्णय देणाऱ्या तिघांना ते बघायची परवानगी नव्हती! लेकर्स तो सामना एका गुणाने जिंकले. पुढच्या हंगामात क्वार्टरच्या शेवटच्या फेकींसाठी व्हिडिओ बघायचा नियम आला आणि फळीच्या कडेने लाल दिवे लागले. रेफ्री म्हणून सांगतो, घरच्यांना दिसतं आणि आपल्याला दिसत नाही, याहून वाईट अवस्था नाही.

तिसरं, जाहिरातींचे टाइमआउट. कॉलेजच्या मुलांच्या सामन्यात प्रत्येक अर्ध्यात १६, १२, ८, ४ मिनिटं उरली की पुढच्या थांब्याला जाहिराती. कोचलोक दमलेल्या मुलाला त्या हिशेबाने खेळवतात, "पंधरा चाळीसपर्यंत काढ, मग बसायला मिळेल." टीव्ही नसलेल्या शाळेच्या सामन्यात मात्र पोरं बिचारी धावत सुटतात.

स्वाती_आयोवा | बुधवार, रात्री १०:५५

इतके प्रतिसाद झाले, बायकांचा खेळ कुणालाच आठवला नाही. बरं.

डब्ल्यूएनबीएचा, म्हणजे बायकांच्या व्यावसायिक लीगचा, पहिला सामना २१ जून १९९७, एनबीसीवर, लॉस एंजेलिस विरुद्ध न्यूयॉर्क. लिसा लेस्ली डंक करायला गेली आणि हुकला. ते दृश्य नंतर लोकांनी चेष्टेने इतकं दाखवलं की सामन्याचं बाकी काही कुणाच्या लक्षातच राहिलं नाही. पुढे २००२ मध्ये त्याच लेस्लीने या लीगमधला पहिला डंक केला, तो मात्र फारसा कुणी पाहिला नाही.

आता एप्रिल २०२४. कॉलेजच्या मुलींची अंतिम लढत, आयोवा विरुद्ध साउथ कॅरोलिना, १ कोटी ८९ लाख प्रेक्षक. मुलांची अंतिम लढत दुसऱ्याच दिवशी, १ कोटी ४८ लाख. अंतिम लढतीत मुली मुलांच्या पुढे गेल्या, हे पहिल्यांदाच. मुलींचा सामना एबीसीवर होता, घरोघरी फुकट दिसणारा. मुलांचा केबलवर. म्हणजे चांगल्या पंगतीला बसवलं की काय होतं ते पाहा.

आम्ही हरलो. आमच्या केटलिन क्लार्कने पहिल्याच क्वार्टरमध्ये १८ गुण केले तरी. अजून बोलायची इच्छा नाही.

रात्रपाळी | गुरुवार, पहाटे २:४०

अवांतर : १७ जून १९९४. निक्स-रॉकेट्स, अंतिम मालिकेचा पाचवा सामना, आणि पडद्याच्या अर्ध्या भागात खुनाचा आरोप असलेला माजी फुटबॉलपटू ओ. जे. सिम्पसन, त्याची पांढरी गाडी, मागे पोलीस. एका चौकटीत बास्केटबॉल, दुसऱ्यात पाठलाग. कोण जिंकलं ते आठवणारी माणसं मला क्वचितच भेटली. (निक्स, ९१-८४.)

आणि आत्ताची परिस्थिती कुणी लिहीत नाहीये. २०२४ च्या करारात ११ वर्षांचे सुमारे ७६ अब्ज. टीएनटी बाहेर पडलं, कोर्टात गेलं, तडजोड झाली, आणि त्यांचा तो बार्कली-शॅक या माजी खेळाडूंचा गप्पांचा कार्यक्रम आता ईएसपीएनवर दिसतो. बाकी एबीसी-ईएसपीएन, एनबीसी, ॲमेझॉन. एनबीसी २०२५ च्या ऑक्टोबरमध्ये परतलं ते जॉन टेश यांची जुनी धून घेऊनच. ती धून त्यांना युरोपात सायकल शर्यतीचं वार्तांकन करताना सुचली होती आणि विसरू नये म्हणून त्यांनी घरच्या आन्सरिंग मशीनवर फोन करून गुणगुणून ठेवली होती. परवा ती वाजली आणि माझ्या अंगावर काटा आला, खोटं कशाला बोलू.

पण खिशाचं काय? माझ्याकडे आता तीन वर्गण्या आहेत. त्याशिवाय चौथी एक घेतली सगळे सामने मिळतील म्हणून. पहिल्याच रात्री माझ्याच शहराच्या संघाचा सामना लावला, तर पडद्यावर काळी पाटी : तुमच्या भागात हा सामना उपलब्ध नाही. स्टेडियमचे दिवे माझ्या खिडकीतून दिसतात! ग्राहकसेवेतल्या मुलीने शांतपणे समजावलं की मी संघाच्या फार जवळ राहतो.

२३_नंबरी | गुरुवार, सकाळी ९:१०

'संघाच्या फार जवळ राहता' :)) हे वाक्य फ्रेम करून लावा.

भोपळे_काका | गुरुवार, सायंकाळी ५:३०

अहो, मला एवढंच सांगा, आज रात्री सामना कुठे बघायचा? नातू आलाय. मी टीव्हीसमोर बसून अर्धा तास बटणं दाबतोय. इतकी बटणं १९७९ मध्ये सबंध वसतिगृहात नव्हती.

फळीवरचा_चेंडू | गुरुवार, सायंकाळी ५:४५

काका, ढोबळ वेळापत्रक लिहून फ्रीजवर लावा. सोमवारी पीकॉक (एनबीसीचीच इंटरनेटवरची सेवा), मंगळवारी एनबीसी, बुधवारी ईएसपीएन, शुक्रवारी ॲमेझॉन. शनिवारी एबीसी, तेही हंगामाच्या उत्तरार्धात.

भोपळे_काका | गुरुवार, सायंकाळी ५:५२

आज गुरुवार आहे.

फळीवरचा_चेंडू | गुरुवार, सायंकाळी ५:५५

गुरुवारी पण ॲमेझॉनच, पण जानेवारीपासून. तोवर गुरुवारी त्यांच्याकडे फुटबॉल असतो. तो संपला की मग बास्केटबॉल.

भोपळे_काका | गुरुवार, सायंकाळी ६:०१

म्हणजे ७६ अब्ज देऊनसुद्धा आधी फुटबॉलच जेवणार!